अक्रोड, चीज आणि मनाचा जमाखर्च

१५९५ सालचा ऑक्टोबर महिना. केंब्रिजमध्ये शिकणाऱ्या सॅम्युअल वॉर्ड नावाच्या तेवीस वर्षांच्या तरुणाने रात्रीच्या जेवणानंतर अक्रोड आणि चीज जरा जास्तच खाल्ले आणि पोट बिघडवून घेतले. तरुण वयात असे होतेच. कोणी ओवा मागतो, कोणी शतपावली घालतो. वॉर्डने वही काढली आणि ही हावरट खादाडी पाप म्हणून लिहून ठेवली. त्याच रोजनिशीत सकाळची प्रार्थना करण्याआधीच गुत्त्यात जाऊन वाइन प्यायल्याची नोंद आहे, प्रार्थनेत मन न लागल्याच्या नोंदी आहेत आणि चीजचा उल्लेख तर पुन्हा पुन्हा येतो.

हा वॉर्ड पुढे किंग जेम्स बायबलच्या भाषांतरकारांपैकी एक झाला. १६१० पासून तो केंब्रिजच्या सिडनी ससेक्स कॉलेजचा प्रमुख होता आणि १६१६ मध्ये ऑलिव्हर क्रॉमवेल नावाचा मुलगा तिथे शिकायला आला. म्हणजे वहीत अक्रोड मोजणारा हा माणूस कोणी ऐरागैरा नव्हता.

प्युरिटन म्हटले की काळे कपडे, कपाळावर आठ्या आणि इतरांच्या आनंदावर विरजण घालायची हौस, असे चित्र डोळ्यांपुढे येते. त्याला आधार नाही असे नाही. १६४७ मध्ये त्यांच्या वर्चस्वाखालच्या इंग्लिश संसदेने नाताळचा सणच रद्द केला होता. ‘प्युरिटन’ हा शब्दही मुळात टोमणाच. १५६० च्या दशकात, इंग्लंडचे चर्च रोमपासून तुटले खरे पण पुरेसे स्वच्छ झाले नाही असे म्हणणाऱ्यांना चिडवण्यासाठी तो वापरात आला. लोकांना दिसायचे ते या मंडळींचे बाहेरचे भांडण: पाळकाचा झगा कसा असावा, क्रुसाची खूण करावी की नाही, रविवारी खेळ खेळावेत का. घरात दार लावून ते काय करत, हे मात्र त्यांच्या वह्या वाचल्याशिवाय कळत नाही.

आणि तिथे एक अडचण होती. कॅथलिक माणसाला पाप टोचले तर तो धर्मगुरूकडे जाऊन कबुली देई, सांगितलेले प्रायश्चित्त घेई आणि हलका होई. हातात जपमाळ असे. कोणाला सगळे आयुष्यच देवाला द्यायचे असेल तर मठ होते, तिथे पहाटेपासून रात्रीपर्यंत प्रार्थनेच्या घंटा होत्या. प्रॉटेस्टंट सुधारणेने हे सगळे मोडीत काढले. आठव्या हेन्रीने इंग्लंडमधले मठ बंद केले, कबुलीची सक्ती गेली, माळा गेल्या. मग रात्री अकरा वाजता पोटात अक्रोड टोचत असतील तर माणसाने जायचे कुठे? प्युरिटनांनी यावर काढलेला तोडगा असा की मठाची सगळी शिस्त त्यांनी घरात आणली आणि धर्मगुरूच्या जागी माणसाचे स्वतःचेच मन बसवले. बोलणारेही तेच आणि ऐकणारेही तेच.

घरातला हा मठ कसा चाले ते यॉर्कशरमधल्या हॅकनेस गावच्या लेडी मार्गरेट होबीच्या रोजनिशीत दिसते. १५९९ ते १६०५ या काळातली ही रोजनिशी इंग्लिश स्त्रीने लिहिलेली, आज हाती असलेली सर्वांत जुनी मानली जाते. बाईंचा दिवस खाजगी प्रार्थनेने सुरू होई. मग बायबलचे वाचन. मग घरची कामे: मजुरांचे पैसे चुकवणे, मुरंबे-मिठाया करणे, गावातल्या कोणाच्या जखमा धुऊन बांधणे. जेवणाआधी पुन्हा प्रार्थना. दुपारी घरच्या पाळकाबरोबर वाचन, ऐकलेल्या प्रवचनाची टिपणे उतरवून काढणे, संध्याकाळी एकटीने आत्मपरीक्षण, रात्री नोकरचाकरांसह सगळ्या घराची प्रार्थना. नोंदी अगदी कोरड्या आहेत. बाईंच्या मनात काय चालले होते हे शोधायला जाणारा वाचक हात हलवत परत येतो. वही मन मोकळे करण्यासाठी नव्हतीच. ती हजेरीपत्रक होती.

शेजाऱ्यांना हे सगळे ढोंग वाटे. १६०० च्या ऑगस्टमध्ये लॉर्ड यूरचा मुलगा शिकारीच्या साथीदारांना घेऊन न बोलावता हॅकनेसला येऊन थडकला. मंडळींनी पत्ते कुटले, दारू ढोसली आणि घरातल्यांची प्रार्थना व स्तोत्रगायन सुरू झाले तेव्हा पाय आपटून, आरडाओरडा करून त्याची टर उडवली. होबी साहेबांनी प्रकरण थेट लंडनच्या स्टार चेंबर न्यायालयात नेले. शेक्सपिअरच्या ‘ट्वेल्फ्थ नाइट’मधल्या माल्व्होलिओची जी फजिती होते तिच्यामागे या घटनेचा वास काही अभ्यासकांना येतो. तसे असो वा नसो, संध्याकाळची प्रार्थना हा त्या काळी चेष्टेचा आणि खटल्याचाही विषय होता, एवढे नक्की.

या दिनक्रमाच्या मध्यभागी जी गोष्ट होती तिला मराठीत काय म्हणावे? ‘ध्यान’ हा शब्द चटकन सुचतो, पण तो वाट चुकवतो. ध्यान म्हटले की डोळे मिटलेले, श्वास संथ, मन हळूहळू रिकामे होत चाललेले, असे काहीतरी आपल्यापुढे येते. प्युरिटनांना मन रिकामे करायचे नव्हते. रिकाम्या मनाची त्यांना धास्तीच होती. त्यांना मन एका विषयाने गच्च भरायचे होते. त्यापेक्षा ‘मनन’ बरा, आणि मराठी बायबल वाचणाऱ्यांच्या तो कानावरचाही आहे. त्याहूनही नेमका शब्द गोठ्यात सापडतो: रवंथ. आपण हा शब्द बहुधा हिणवायला वापरतो. प्युरिटन उपदेशक तो गौरवाने वापरत. मोशेच्या नियमशास्त्रात रवंथ करणारी, दुभंगलेल्या खुराची जनावरे शुद्ध मानली आहेत. प्रवचन ऐकणे म्हणजे चारा तोंडात घेणे, रक्तात उतरवायचा तर तो घरी जाऊन पुन्हा चघळलाच पाहिजे, असा त्यांचा हिशेब.

या मननाची इंग्लंडमधली पहिली गाजलेली हातपुस्तिका जोसेफ हॉलची, १६०६ सालची. हॉल पुढे बिशप झाला, त्यामुळे काटेकोरपणे त्याला प्युरिटन म्हणता येत नाही. पण तो शिकला केंब्रिजच्या इमॅन्युएल कॉलेजात, प्युरिटनांच्या बालेकिल्ल्यात, आणि त्याची पुस्तिका त्या गोटात आवडीने वाचली गेली. तिच्यात तो मोकळेपणाने सांगतो की आपल्याला सर्वांत जास्त मदत झाली ती एकशे बारा वर्षांपूर्वी लिहिणाऱ्या एका अनाम, अप्रसिद्ध संन्याशाची. १६०६ मधून ११२ वजा केले की येतात १४९४. त्या साली नेदरलँड्समधला मठवासी यान मोंबार याचे मननावरचे पुस्तक छापले गेले होते. त्यात मननाची एक लांबलचक शिडी आहे, पायरीमागून पायरी. हॉलने ती नमुना म्हणून दाखवली, फार गुंतागुंतीची आहे म्हणून बाजूला ठेवली आणि आपली सुटसुटीत पद्धत मांडली. विषय घ्यावा, त्याची कारणे पाहावीत, परिणाम पाहावेत, त्याच्या उलट काय आणि त्याच्यासारखे काय ते पाहावे. मग डोक्यात पेटलेले हळूहळू काळजापर्यंत न्यावे.

मठ मोडणाऱ्यांनी मठातूनच साधने उचलली, ही काही एकट्या हॉलची गोष्ट नाही. रॉबर्ट पर्सन्स या इंग्लिश जेझुइटाने १५८२ मध्ये एक भक्तिग्रंथ लिहिला. दोनच वर्षांनी एडमंड बनी नावाच्या प्रॉटेस्टंट पाळकाने त्यातला कॅथलिक भाग खरवडून काढून तो आपल्या लोकांसाठी छापला. चोरीच म्हणायची, पण फळाला आली. १६३० च्या सुमारास श्रॉपशरमधल्या एका पंधरा वर्षांच्या मुलाच्या हातात हे पुस्तक पडले आणि तो हादरला. त्यानंतर दारावर आलेल्या एका गरीब फेरीवाल्याकडून त्याच्या वडिलांनी रिचर्ड सिब्ज या प्युरिटन उपदेशकाचे पुस्तक विकत घेतले. पहिल्याने घाबरवले होते, दुसऱ्याने धीर दिला. तो मुलगा म्हणजे रिचर्ड बॅक्स्टर.

बॅक्स्टर जन्मभर आजारी. इंग्लंडच्या यादवी युद्धात तो संसदेच्या फौजेबरोबर धर्मोपदेशक म्हणून फिरत होता. १६४७ च्या फेब्रुवारीत त्याच्या नाकातून रक्ताची धार लागली, ती थांबेना. अंगात त्राण उरले नाही. वूस्टरशरमधल्या राउस लेंच येथे ओळखीच्या एका घरी तो पडून राहिला. आता आपण जात नाही तर काय, अशी त्याची खात्री झाली होती. जवळ बायबलखेरीज पुस्तक नाही. तेव्हा त्याने स्वतःच्याच अंत्यविधीचे प्रवचन लिहायला घेतले, विषय स्वर्गातली विश्रांती. मरण आले नाही; प्रवचन वाढत गेले. १६५० मध्ये ‘दि सेंट्स एव्हरलास्टिंग रेस्ट’ नावाने ते छापून आले तेव्हा त्याची आठशेंवर पाने झाली होती. लेखक त्यानंतर आणखी एकेचाळीस वर्षे जगला.

या ग्रंथाचा चौथा भाग मननावर आहे आणि तिथे बॅक्स्टर तालमीतल्या वस्तादासारखा बोलतो. वेळ ठरवा, ती चुकवू नका. त्याची स्वतःची आवडती वेळ सूर्यास्तापासून अंधार पडेपर्यंतची. उत्पत्तीच्या पुस्तकातला इसहाकही संध्याकाळीच मनन करायला शेतात गेला होता. जागा एकांताची हवी. मग एक विषय घ्या आणि नुसता विचार करत बसू नका, स्वतःशी बोला. उपदेशक मंडळीपुढे उभा राहून जसा आधी अर्थ सांगतो, मग पुरावे देतो, मग ते ऐकणाऱ्याच्या आयुष्याला लावतो, तसे स्वतःपुढे उभे राहून स्वतःला प्रवचन द्या. मन सुस्त असेल तर त्याला दटावा, प्रश्न विचारा, लाज आणा. प्रेम, इच्छा, आशा, धैर्य, आनंद या एकेका भावनेला क्रमाने जागे करा आणि शेवटी प्रार्थनेत शिरा. इंद्रियांनाही तो कामाला लावतो. मित्र भेटल्यावर एवढे बरे वाटते, फळ एवढे गोड लागते, तर ज्याने हे सगळे केले त्याच्या सहवासात काय असेल, असा त्याचा चढता युक्तिवाद. रोमन कॅथलिक पद्धतीत डोळ्यांपुढे चित्र उभे करण्यावर भर असे; इथे सारा भर वाक्यावर, तर्कावर, कानावर आहे.

स्वर्गात आपल्याला कोण कोण भेटेल याची यादीही त्याने दिली होती. पहिल्या आवृत्तीत तिच्यात जॉन पिम आणि जॉन हॅम्पडेन ही राजाविरुद्ध उभ्या राहिलेल्या संसदेच्या पुढाऱ्यांची नावे होती. पुढे वारे बदलले आणि नावे गळाली. आपले त्यांच्याविषयीचे मत बदललेले नाही, हे मात्र बॅक्स्टर सांगत राहिला.

त्याचे कामाचे ठिकाण होते किडरमिन्स्टर, विणकरांचे गाव. तिथे आठशेंवर कुटुंबे होती. बॅक्स्टर आणि त्याचा साहाय्यक सोमवार-मंगळवार जवळजवळ पूर्ण दिवस घालवून आठवड्याला पंधरा-सोळा कुटुंबांशी धर्माविषयी बोलत, म्हणजे वर्षात गाव पुरे होई. विणकाम हा धंदा मननाला फार सोयीचा, असे त्याचे निरीक्षण होते: हात मागावर चालत असतात, समोर पुस्तक उघडे ठेवता येते, नाहीतर शेजाऱ्याशी देवाधर्माचे बोलता येते. आपण आलो तेव्हा गल्लीत एखादे घर प्रार्थना करणारे होते आणि पुढे प्रार्थना न करणारे घर काही गल्ल्यांत शोधून सापडेना, असे तो लिहितो. आपल्याच कामाबद्दलचे हे बोलणे असल्यामुळे थोडी वजावट करायला हरकत नाही. पण रविवारी संध्याकाळी घराघरांतून स्तोत्रे आणि सकाळच्या प्रवचनाची उजळणी ऐकू येई, ही गोष्ट इतर प्युरिटन गावांतही होती. बापाने टिपणे वाचायची, मुलांना आणि नोकरांना प्रश्न विचारायचे. तास-दोन तासांचे प्रवचन पकडण्यासाठी अनेक जण लघुलिपी शिकत. थॉमस शेल्टनची १६२६ सालची लघुलिपी या मंडळींमध्ये चालली. याच लिपीत पुढे सॅम्युअल पीप्सने आपली रंगेल रोजनिशी लिहिली, ती सोय शेल्टनच्या ध्यानीमनीही नसणार.

ठरवून केलेल्या मननाखेरीज दुसराही एक प्रकार होता, तो जास्त मजेदार आहे: प्रसंगाने सुचलेले मनन. जे समोर येईल त्यातून काहीतरी उचलायचे. हॉलच्या खोलीत रॉबिन पक्षी शिरतो, त्याचे मनन. खिडकीत कोळी दिसतो, त्याचे मनन. मोठे ग्रंथालय पाहिले, त्याचेही. जॉन फ्लॅव्हेलने १६६९ मध्ये शेतकऱ्यांसाठी अख्खे पुस्तकच काढले. नांगरणी, पेरणी, कापणी, मळणी, काहीही त्यातून सुटले नाही. मॅसॅच्युसेट्समध्ये ॲन ब्रॅडस्ट्रीट या कवयित्रीने १६६४ मध्ये मुलासाठी सत्त्याहत्तर लहान मननांची वही करून दिली, तिच्यात आईच्या घरसंसारातले दाखले आहेत. आणि बॉस्टनचा कॉटन मेदर तर कोणतीच वेळ वाया जाऊ देईना. १७०० मध्ये एकदा तो भिंतीशी लघवीला उभा असताना एक कुत्रा आला आणि त्यानेही शेजारी तेच केले. मेदर ओशाळला. निसर्गाने आपल्याला कुत्र्याच्या रांगेत बसवले, तेव्हा यापुढे प्रत्येक वेळी हे काम करताना मनात एखादा उदात्त विचार आणायचा, असे त्याने रोजनिशीत ठरवून टाकले. हे वाचून हसू येते, पण मेदरने ही नोंद विनोद म्हणून केलेली नाही.

याच सवयीतून एक मोठा कवी निघाला आणि जगाला त्याचा पत्ता अडीचशे वर्षे लागला नाही. मॅसॅच्युसेट्सच्या सरहद्दीवरच्या वेस्टफील्ड गावचा पाळक एडवर्ड टेलर प्रभुभोजनाआधी स्वतःच्या मनाची तयारी म्हणून कविता लिही. १६८२ ते १७२५ या काळात अशा दोनशेंहून अधिक कविता झाल्या. त्याने त्या छापल्या नाहीत. १९३७ मध्ये येल विद्यापीठाच्या ग्रंथालयात थॉमस जॉन्सन या अभ्यासकाच्या हाती ते हस्तलिखित लागले तेव्हा कुठे वसाहतकालीन अमेरिकेचा सर्वांत ताकदीचा कवी कोण, या प्रश्नाचे उत्तर बदलले.

पुस्तके या भक्तीची भांडीकुंडी होती असे म्हटले तर जॉन बन्यनच्या बाबतीत ते शब्दशः खरे. त्याचे लग्न झाले तेव्हा नवराबायकोकडे ताटली-चमचाही धड नव्हता. बायकोने माहेराहून आणली ती बापाची दोन पुस्तके, आर्थर डेंटचे एक आणि लुईस बेलीचे एक, दोन्ही प्युरिटन घरांत झिजेपर्यंत वाचली जाणारी. पुढे परवान्याविना उपदेश केला म्हणून बन्यनने बेडफर्डच्या तुरुंगात बारा वर्षे काढली आणि १६७८ मध्ये ‘पिलग्रिम्स प्रोग्रेस’ लिहून छापले. ते हरी केशवजींनी १८४१ मध्ये ‘यात्रिकक्रमण’ या नावाने मराठीत आणले. १८१३ मध्ये मुंबईत येऊन पुढे अहमदनगरला रुजलेले अमेरिकन मराठी मिशन हेही न्यू इंग्लंडच्या काँग्रिगेशनल मंडळ्यांनी पाठवलेले, आणि त्या मंडळ्या म्हणजे तिथल्या प्युरिटनांच्याच थेट वारसदार.

या सगळ्या शिस्तीने माणसाचे भले होई की तो आणखी पिचे? लंडनच्या ईस्टचीप भागातल्या नेहेमाया वॉलिंग्टनला विचारावे. हा लाकडावर कातकाम करणारा कारागीर, जन्म १५९८. विशीत त्याला पापाच्या भयाने असे घेरले की त्याने अनेकदा जीव देण्याचा प्रयत्न केला. त्यातून तो बाहेर आला तो लिहीत लिहीत. स्वतःसाठी त्याने नियमांची यादी केली आणि नियम मोडला की गरिबांच्या पेटीत दंडाचे पैसे टाकायचे ठरवले. पहाटे दुकान उघडण्याआधी तो उठून लिही. सिब्जसारखे अनुभवी उपदेशक अशा अतिसोवळ्या मनांनाच धीर द्यायला पुस्तके लिहीत, कारण रोजचा जमाखर्च मांडणाऱ्याला खर्चाचीच बाजू दिसत राहते हे त्यांना ठाऊक होते. ‘पुरे’ म्हणणारा धर्मगुरू या व्यवस्थेत नव्हता, हा तिचा खरा दोष.

१६२५ मध्ये लंडनमध्ये प्लेग आला आणि वॉलिंग्टनच्या घरात शिरला. त्याची लहानगी एलिझाबेथ तिसरे वर्षही न ओलांडता गेली. आदल्या रात्री ती बापाला म्हणाली होती की उद्या मी बाहेर जाईन आणि तुमच्यासाठी प्लमचा ‘पाय’ हा गोड पदार्थ विकत आणीन. त्याने हे लिहून ठेवले आहे. त्या दुःखात आपण देवाशी केलेले सगळे करार विसरलो, कोणी समजावले तरी समजलो नाही, हेही लिहून ठेवले आहे. शेवटी त्याची बायको ग्रेस हिने त्याला खडसावले. दंडाचे किती पैसे पेटीत पडले ते या पानावर नाही.

त्याच्या पाच मुलांपैकी एकच मुलगी मागे उरली. १६५४ मध्ये, वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी, तो जुन्या वह्या पुन्हा वाचायला बसला, त्यांतले उतारे एका नव्या वहीत काढले आणि आजवर लिहिलेल्या वह्यांची यादी केली. ती पन्नासवर गेली. १६५८ मध्ये तो वारला. पन्नासांपैकी सात वह्या आज उरल्या आहेत. त्यांतल्या बहुतेक लंडनमध्ये आहेत, एक चेशरमधल्या टॅटन पार्क या वाड्यात, आणि यादीवाली वही अटलांटिक ओलांडून वॉशिंग्टनला गेली आहे. तिथे ती फोल्जर ग्रंथालयात आहे, म्हणजे शेक्सपिअरच्या नावाने उभारलेल्या संस्थेत. वॉलिंग्टनच्या हयातीत, १६४२ मध्ये, त्याच्या बाजूच्या संसदेने लंडनची नाटकघरे बंद केली होती.